मदत हवी आहे: एव्हीएल ट्रीमधून नोड काढल्यावर तोल बिघडतो

अर्धविराम

पायथॉनमध्ये एव्हीएल ट्री (कोणत्याही नोडच्या डाव्या-उजव्या बाजूंच्या उंचीत एकाहून जास्त फरक पडू न देणारी शोध-ट्री) लिहिली आहे. नोड घालण्याचा भाग चोख चालतो. १ ते १००० आकडे ओळीने घातले तरी उंची १० भरते (एकट्या नोडची उंची १, रिकाम्या जागेची ०). काढण्याचा भाग मात्र दोन ठिकाणी फसतो.

पहिला क्रम: ५०, ३०, ७०, २०, ४०, ८०, १०, ४५ असे घातले. घालताना एकही रोटेशन (तोल सावरण्यासाठी मूल वर आणि पालक खाली नेणे) होत नाही. मग ८० काढला. तपासणी सांगते की ३० वर तोल (डावी उंची वजा उजवी उंची) २ आहे.

दुसरा क्रम: ५, २, ८, १, ३, ६, १०, ४, ७, ९, ११, १२. इथेही घालताना रोटेशन नाही. १ काढला की रूटवर (सर्वात वरच्या नोडवर), म्हणजे ५ वर, तोल −२ राहतो.

डाव्या बाजूची रीत अशी आहे, उजवीची याच्या आरशातली:

जर तोल(नोड) > १
  जर तोल(नोड.डावा) > ०: उजवे रोटेशन
  नाहीतर: डावे-उजवे दुहेरी रोटेशन

नोड घालताना आणि काढताना, दोन्हीकडे वाटेतले नोड स्टॅकवर (शेवटी ठेवलेले आधी निघते अशा यादीत) ठेवतो, खालून वर येतो आणि पहिले रोटेशन झाले की थांबतो. चूक नेमकी कुठे आहे?

समांतर

दोन स्वतंत्र चुका आहेत, आणि दोन्ही नोड घालताना कधीच दिसणार नाहीत. म्हणून तर हजार आकडे घालूनही कोड बरोबर वाटतो.

पहिल्या क्रमात ८० गेल्यावर ७० एकटा उरतो, उंची १. डावीकडे ३० ची उंची ३. म्हणजे ५० वर तोल २. आता ३० कडे बघा: डावीकडे २० आणि त्याखाली १०, उजवीकडे ४० आणि त्याखाली ४५. दोन्ही बाजूंची उंची २, म्हणून ३० चा तोल ०. तुमची अट "> ०" आहे, त्यामुळे शून्य "नाहीतर"मध्ये पडतो आणि दुहेरी रोटेशन होते.

त्याने काय होते ते हाताने काढून बघा. आधी ३० वर डावे रोटेशन: ४० वर येतो, ३० त्याच्या डावीकडे जातो. ४० ला डावे मूल नव्हतेच, त्यामुळे ३० ची उजवी बाजू रिकामी राहते. डावीकडे मात्र २० आणि १० तसेच लटकलेले. तपासणीतला ३० वरचा २ तो हाच. त्यानंतर ५० वर उजवे रोटेशन केले तरी ३० ला कुणी हात लावत नाही.

एकेरी उजवे रोटेशन केले की ३० रूट होतो. डावीकडे २० (खाली १०), उजवीकडे ५०, आणि ५० च्या खाली ४० (उजवीकडे ४५) व ७०. सगळे जागेवर. म्हणून अट "> ०" नव्हे, "≥ ०" हवी. उजव्या बाजूला "≤ ०".

नोड घालताना हा प्रसंग येत नाही, कारण तोल बिघडवणारे मूल नुकतेच एका बाजूने वाढलेले असते. त्याचा तोल १ किंवा −१ असतोच. काढताना उंची घटते ती समोरच्या बाजूची, आणि उंच बाजूचे मूल अगदी समतोल असू शकते.

दुसऱ्या क्रमात १ गेल्यावर २ वर तोल −२ होतो. डावे रोटेशन करून ३ वर येतो, पण त्या सबट्रीची (एका नोडसह त्याखालच्या सगळ्या भागाची) उंची ३ वरून २ झाली. रूटच्या उजवीकडची उंची ४ आहे, म्हणजे तिथेही −२. दुसरे रोटेशन ५ वर करावे लागते आणि ८ रूट होतो. नोड घालताना एक रोटेशन (एकेरी किंवा दुहेरी) सबट्रीला पूर्वीच्या उंचीवर आणते, म्हणून तिथे थांबणे बरोबर. काढताना हीच उंची घट वरवर सरकत जाते आणि रूटपर्यंत रोटेशने लागू शकतात.

त्रिज्या

मग काढताना दरवेळी रूटपर्यंत जायलाच हवे का? जावातल्या ट्रीमॅपमागे (किल्ल्या क्रमाने ठेवणाऱ्या तयार क्लासमागे) रेड-ब्लॅक ट्री, म्हणजे तोल राखणारी दुसऱ्या प्रकारची ट्री आहे. तिथे काढताना जास्तीत जास्त तीन रोटेशने पुरतात.

समांतर

नाही, लवकर थांबता येते, फक्त कसोटी बदला. "रोटेशन झाले का" हे विचारू नका. "या सबट्रीची उंची आधीइतकीच आहे का" हे विचारा. असेल तर थांबा. पहिल्या क्रमात ८० काढण्याआधी ५० च्या सबट्रीची उंची ४ होती आणि रोटेशननंतर ३० ची उंचीही ४च, म्हणजे ५० वर आणखी कुणी असता तरी तिथेच थांबता आले असते. मुलाचा तोल ० असताना असेच होते. मुलाचा तोल १ किंवा −१ असेल तर उंची एकने घटते आणि वर जावेच लागते.

रेड-ब्लॅकमध्ये रोटेशने कमी, पण ट्री थोडी अधिक उंच होऊ शकते. १००० नोडच्या एव्हीएलची उंची १४ च्या वर जातच नाही. शोध जास्त आणि फेरबदल कमी असतील तर मी एव्हीएलच ठेवेन.

अर्धविराम

दोन्ही बदल केले, दोन्ही क्रम पास झाले. मनापासून आभार. आता पहिल्याच ट्रीतून (८० न काढता) ५० काढला तर रूटवर तोल २ राहतो. ५० ला दोन मुले आहेत, म्हणून त्याच्या जागी क्रमाने पुढचा ७० आणतो. किंमत कॉपी करत नाही, दुवे बदलतो.

समांतर

वर येण्याची सुरुवात कुठून करता ते तपासा. पुढचा नोड जिथून उचलला, त्या जागेच्या पालकापासून सुरुवात हवी. इथे ७० हा ५० चे थेट उजवे मूल आहे, त्यामुळे तो पालक म्हणजे काढून टाकलेला ५०च. तुमच्या स्टॅकवर अजून तोच जुना नोड असणार. त्याची उंची दुरुस्त होते, पण तो ट्रीत नाहीच. स्टॅकवरच्या त्या जागी ७० ठेवा. मग ७० वर तोल २ दिसेल, ३० चा तोल ० असल्याने एकेरी उजवे रोटेशन होईल आणि ३० रूट होईल.

किंमत कॉपी केली तर हा घोळ होत नाही. पण बाहेर कुणी त्या नोडचा दुवा धरून ठेवला असेल तर त्याच्या हाती भलतीच किंमत लागते, म्हणून दुवे बदलण्याची तुमची रीत सोडू नका.

तपासणीबद्दल दोन गोष्टी. उंची नोडमध्ये साठवलेली वापरू नका, दरवेळी खालून नव्याने मोजा. साठवलेली चुकली असेल तर तपासणीही फसते. आणि क्रम तपासताना फक्त पालक आणि मूल यांची तुलना पुरत नाही. ५० च्या डावीकडे ३० आणि ३० च्या उजवीकडे ६० असेल तर दोन्ही तुलना पास होतात, पण ६० चुकीच्या बाजूला आहे. प्रत्येक नोडला खालची आणि वरची मर्यादा देत खाली उतरा. मग १ ते १००० आकडे पिसून घाला, पुन्हा पिसून एकेक काढा आणि प्रत्येक काढण्यानंतर तपासणी चालवा.