लाल केसांची ती मुलगी : निकोलेता एल्मी

इटालियन भयपटांत लहान मुलं नुसती तोंडी लावायला असतात, असं काही जण म्हणतात. मला ते मुळीच पटत नाही. इटालियन बालकलाकार निकोलेता एल्मीची कामं बघा!

जन्म १९६४चा. १९७१मध्ये दिग्दर्शक मारिओ बावाच्या 'अ बे ऑफ ब्लड'मध्ये ती झळकली तेव्हा शाळकरी पोर होती. पुढच्याच वर्षी 'हू सॉ हर डाय?'मध्ये व्हेनिसला बापाकडे आलेली रॉबर्टा. पण तिचा खरा कस लागला तो दारिओ अर्जेंतोच्या 'डीप रेड'मध्ये (१९७५). रखवालदाराची ही मुलगी, ओल्गा, जिवंत सरड्याला टाचणी टोचते, बाप थोबाडीत ठेवून देतो. पडद्यावर ती थोडाच वेळ दिसते, तरी तिच्या खोलीतल्या एका चित्रावरूनच खुन्याच्या शोधातल्या नायकाला पुढचा धागा जिथे मिळतो त्या शाळेचा माग लागतो. ते रोखून बघणं अंगावर येतं. एवढ्या वयात डोळ्यांचा असा वापर मी फार कमी जणांत पाहिलाय.

मोठेपणी, १९८५च्या 'डेमन्स'मध्ये ती थिएटरात लोकांना जागा दाखवणारी झाली. दिग्दर्शक लाम्बेर्तो बावा, म्हणजे मारिओचाच मुलगा. नंतर अभिनय सोडून ती वाचा-उपचाराकडे वळली. 'डीप रेड' पाहणार असाल तर इटालियन मूळ आवृत्तीच पाहा, इंग्रजीत बरीच काटछाट झाली होती.