रिकाम्या खोलीतल्या विनोदाला स्टँड-अप म्हणायचे का?

मूळ धागा
२०२० मध्ये सभागृहे बंद झाली तेव्हा अनेक विनोदवीर घरातूनच कॅमेऱ्यासमोर कार्यक्रम करू लागले. माझ्या मते त्याला स्टँड-अप म्हणू नये. प्रेक्षकांचे हसणे ही केवळ दाद नसते, तर सादरकर्त्याला वेळेचे भान देणारी गोष्ट असते. हशा ओसरू लागताच पुढचे वाक्य टाकणे, पडलेला विनोद तिथल्या तिथे सावरणे आणि तोच मजकूर रोज नव्या लोकांसमोर बोलून त्यातला फाजील शब्द शोधणे, ही कारागिरी भिंतीसमोर साधत नाही.

प्रतिसाद १
असहमत. अमेरिकी विनोदवीर बो बर्नहॅम यांनी 'इनसाइड' (२०२१) हा विनोदी कार्यक्रम एकट्याने, एका खोलीत, प्रेक्षकांविना चित्रित केला आणि त्याला तीन एमी पुरस्कार मिळाले. विराम किती लांबवायचा हे त्यांनी संकलन करताना ठरवले, एवढाच फरक.

धागाकर्ता
हे उदाहरण माझ्याच बाजूचे आहे. त्यात गाणी आहेत, प्रकाशयोजना आहे, संकलन आहे. तो उत्तम चित्रपट आहे, स्टँड-अप नव्हे. शिवाय त्यामागे रंगमंचावरची अनेक वर्षे होती.

प्रतिसाद २
क्रम उलटा आहे. बर्नहॅम यांनी २००६ मध्ये स्वतःच्या शयनकक्षात गाणी चित्रित करून यूट्यूबवर टाकली. रंगमंच नंतर आला. मात्र धागाकर्त्यांचा मूळ मुद्दा मला मान्य आहे. माणूस एकटा असताना जितका हसतो त्याच्या सुमारे तीसपट चारचौघांत हसतो, असे रॉबर्ट प्रोव्हाइन या संशोधकाला आढळले होते. त्यामुळे घरातून केलेल्या कार्यक्रमाची खरी अडचण सादरकर्त्यापेक्षा एकट्याने पाहणाऱ्याची आहे, आणि तिचा विचार इथे कोणीच केलेला नाही.

प्रतिसाद ३
मी व्हिडिओ कॉलवर काही प्रयोग केले आहेत. सगळ्यांचे माइक बंद असले की आपण विहिरीत बोलतो आहोत असे वाटते, आणि सगळे चालू ठेवले तर हसणे अर्धवट, उशिरा पोहोचते. कधी कधी तर सॉफ्टवेअर त्याला गोंगाट समजून दाबूनच टाकते. शेवटी मी पाचच जणांना माइक चालू ठेवायला सांगितले आणि प्रत्येक विनोदानंतर नेहमीपेक्षा थोडा अधिक थांबलो. मोठ्याने हसणारे ते पाच जण पुरले, पण त्यांच्याशिवाय मला तो प्रयोग करता आला नसता. आता यावरून मी कोणाच्या बाजूचा, हे धागाकर्त्यांनीच सांगावे.