ऊस वाहतूक करणाऱ्या चालकांची झोप मेंदूच्या लहरींवरून ओळखता येईल का?

प्रश्न: आमचे दोन ट्रॅक्टर गळीत हंगामात करवीर तालुक्यातून रात्रभर ऊस वाहतात आणि वजनकाट्याच्या रांगेत ताटकळल्यानंतर पहाटे चालकांना डुलकी लागते. डोक्याला पट्टी बांधून ईईजी (मेंदूतील विद्युत लहरींची नोंद) घेतल्यास त्याची चाहूल आधी लागेल का?

उत्तर १: तत्त्वतः लागते. जर्मन मनोविकारतज्ज्ञ हान्स बर्गर यांनी १९२४ मध्ये माणसाच्या मेंदूतील विद्युत लहरींची नोंद प्रथम घेतली. जागेपणी डोळे मिटले की ८ ते १३ हर्ट्‌झच्या अल्फा लहरी ठळक दिसतात. झोप लागताना त्या विरत जातात आणि ४ ते ८ हर्ट्‌झच्या थीटा लहरी वाढतात. मेंदूचे काम पाहण्याची दुसरी पद्धत, म्हणजे एफएमआरआय ही चुंबकीय तपासणी, रक्तातील ऑक्सिजनचा बदल मोजत असल्यामुळे काही सेकंद मागे राहते, ईईजी मात्र मिलिसेकंदांतील बदल टिपते.

उत्तर २: वरील माहिती योग्य आहे, परंतु डोक्याच्या त्वचेवर पोहोचणारा हा संकेत जेमतेम काही दहा मायक्रोव्होल्टचा असतो आणि जबडा हलणे, पापणी लवणे, घाम येणे किंवा कच्च्या रस्त्यावरील हादरे यांमुळे तो सहज झाकोळतो. त्यामुळे पापण्या किती वेळ मिटलेल्या राहतात हे पाहणारा कॅमेरा ट्रॅक्टरवर अधिक उपयोगी पडेल. तरीही माझी कळकळीची विनंती आहे, की प्रत्येक ट्रॅक्टरला रात्रीसाठी दुसरा चालक द्यावा, कारण इशारा देणारे यंत्र झोपेची उणीव भरून काढत नाही.

प्रश्नकर्ता: आभारी आहे. दुसऱ्या चालकाची व्यवस्था याच आठवड्यात करतो आणि कॅमेऱ्याची चौकशी त्यानंतर करतो.