भारत-बांगलादेश भू-सीमा करार: सह्या 1974 ला, अदलाबदल 2015 ला. मधे अडलं काय?

हद्दखुणा: इंदिरा गांधी आणि शेख मुजीब यांनी 16 मे 1974 ला करार केला. छिटमहालांची (एका देशाचे, पण चहूबाजूंनी दुसऱ्या देशाने वेढलेले तुकडे) अदलाबदल मात्र 31 जुलै 2015 च्या मध्यरात्री झाली. चार हजारांवर किलोमीटरच्या सीमेत आखणी राहिली होती जेमतेम 6.1 किमीची. मग 41 वर्षं कशात गेली? आणि एकर मोजले तर आपलीच जमीन जास्त गेली, हे संसदेत मान्य कसं झालं?

कलम_368: घोडं अडलं ते पश्चिम बंगालमधल्या सीमेवरच्या बेरूबारीपाशी. 1958 च्या नेहरू-नून करारात बेरूबारीचा अर्धा भाग पाकिस्तानला द्यायचं ठरलं. त्यावर 1960 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की देशाचा भूभाग परक्या देशाला द्यायचा तर साधा कायदा चालत नाही, घटनादुरुस्तीच लागते. बांगलादेशाने 1974 लाच अनुमोदन दिलं. आपल्याकडे दोन-तृतीयांश मतं जमवायची, म्हणजे विरोधी पक्ष आणि सीमेवरची राज्यं दोन्ही राजी हवीत. ते जुळलं मे 2015 मध्ये: 6 तारखेला राज्यसभा, 7 ला लोकसभा, विरोधात एकही मत नाही. हीच 100 वी घटनादुरुस्ती.

1974 च्या करारात बेरूबारीचा तो अर्धा भाग आपल्याकडेच राहिला. बदल्यात दहाग्राम-अंगारपोता हा छिटमहाल बांगलादेशाकडे, आणि तिथे जायला ‘तीन बिघा’ नावाची 178 बाय 85 मीटरची पट्टी कायम भाडेपट्ट्याने. ही देवघेव मला करारातली सगळ्यात शहाणी गोष्ट वाटते.

मोजणीदार: एकरांचा हिशेब फसवा आहे. आपले 111 छिटमहाल, 17,160 एकर, बांगलादेशाच्या पोटात. त्यांचे 51, 7,110 एकर, आपल्या पोटात. आपल्या त्या 17 हजार एकरांत ना आपला तलाठी जाऊ शकत होता ना पोलीस. दहला खगराबाडी तर बांगलादेशातल्या भारतातल्या बांगलादेशातला भारत: तागाचं एक शेत! जे कागदावरच होतं ते सोडलं.

खरी किचकट बाब ताब्याच्या जमिनींची. नकाशात एका देशाची, कसणारा दुसऱ्या देशाचा. 1974 च्या करारात त्या परत करायच्या होत्या, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या कसणाऱ्यांना उठवायचं. 2011 च्या प्रोटोकॉलने (पूरक कराराने) ते उलटं केलं: ज्याचा ताबा, त्याच्या बाजूने रेषा. संयुक्त पथकांनी जागेवर मोजून पट्टी-नकाशे (सीमेलगतच्या पट्टीचे नकाशे) केले.

माणसांचंही तसंच. जुलै 2011 च्या संयुक्त शिरगणतीत 51,549 लोक निघाले. कोणालाही हलवायचं नाही, नागरिकत्व ज्याने त्याने निवडायचं. 111 मधून हजारापेक्षा कमी लोकांनी भारत निवडला, 51 मधून कोणीच बांगलादेशात गेलं नाही. आलेल्यांना आधी दिनहाटा, मेखलीगंज, हल्दीबाडीच्या छावण्यांत राहावं लागलं. मागे राहिलेल्या जमिनीचे व्यवहार साध्या कागदावर झालेले, त्यामुळे मालकी सिद्ध करणं जड गेलं. घटनादुरुस्तीइतकीच तयारी या कागदांची हवी होती.

हद्दखुणा: आणि त्या 6.1 किमीचं काय? नदी होती ना मधे?

मोजणीदार: हो, तीन तुकड्यांतला एक: त्रिपुरात बेलोनियाजवळ मुहुरी नदी. बाकीचे दोन दईखाता आणि लाठीटिला-डुमाबाडी. नदीत सीमा धरली की पात्र सरकतं आणि चर (नदीतलं गाळाचं बेट) कोणाचा यावर भांडण उभं राहतं. म्हणून 1974 लाच लिहिलं होतं: मोजणीच्या वेळी मध्यप्रवाह असेल तीच रेषा कायम, पुढे नदी कुठेही जावो, आणि पात्र स्थिर राहावं म्हणून दोघांनी आपापल्या काठाला बांध घालायचे. तरी रेषा ठरेपर्यंत मुहुरी सरकतच राहिली.