५७ च्या कोल्हापूरवर डॉक्युमेंट्री करतोय, पण कागद सगळे साहेबाचे

पंचगंगाकाठ:
नमस्कार मंडळी. चिमासाहेब महाराजांवर छोटी डॉक्युमेंट्री करायला घेतलीय. ३१ जुलै १८५७ ला इथल्या २७ व्या पलटणीनं उठाव केला, डिसेंबरात शहरातली माणसं दरवाजे लावून घेऊन परत एकदा उठली, इंग्रजांच्या कर्नल जेकबनं दोन्ही मोडून काढले आणि मग तेव्हाचे छत्रपती बाबासाहेब महाराज यांच्या या धाकट्या भावाला, म्हणजे चिमासाहेबांना, संशयावरून कराचीला नेऊन ठेवलं, तिथंच १८६९ ला ते वारले. अडचण अशी की सविस्तर लिहून ठेवलंय ते जेकबनंच, त्यामुळं स्क्रिप्ट लिहायला बसलो की कॅमेरा आपोआप त्याच्या फौजेबरोबर गावात शिरतो, दरवाज्याच्या आत जी माणसं होती त्यांना काय दिसलं ते येतच नाही. फोटो नाही, फुटेज नाही. नट उभे करून प्रसंग घडवायला मन घेत नाही. काय करावं?

मोडीवाला:
भावा, आधी पुराभिलेखागार गाठ. आणि नुसते कागदाचे क्लोजअप नकोत, रुमाल, म्हणजे जुने कागद बांधून ठेवलेलं कापड, सोडण्यापासून शूट कर, गाठ सुटताना धूळ उडते, कडा कुरतडलेल्या असतात, मग मोडी वाचणारा माणूस बोट फिरवत एका अक्षरावर अडतो, मागं जातो, परत वाचतो. ते अडणं कापू नकोस. आपली आठवण कुठं तुटलीय ते तिथंच दिसतंय, त्यावर व्हॉइसओव्हर लागतच नाही.

शिवाजीपेठकर:
मला वाटतं १८५७ एकटं घेऊ नका. आमची आजी १९४२ चं सांगायची, भागीरथीबाई तांबट आणि जयाबाई हावीरे यांनी गव्हर्नर विल्सनचा पुतळा विद्रूप केला ते, आणि सांगताना आवाज बारीक करायची, जणू अजून कोण ऐकतंय. आता त्याच जागी, शिवाजी चौकात, शिवाजी महाराजांचा पुतळा आहे, १९४५ चा, सिनेमावाल्या भालजी पेंढारकरांनी पुढाकार घेऊन उभारलेला. तिथं रोज उभं राहणाऱ्या पोरांना विचारा आधी इथं कोण होतं. जी उत्तरं येतील ती तशीच ठेवा.

रंकाळा_संध्याकाळ:
दोन्ही पटलं, पण एक सांगतो, गाव सगळं एकदिलानं लढलं असं दाखवू नका हो. खुद्द बाबासाहेब महाराज इंग्रजांच्या बाजूनं राहिले, एकाच घरात दोन वाटा होत्या आणि फिल्मचा जीव तिथंच आहे. शिवाय पाहुणे आले की आपण अभिमानानं नवा राजवाडा दाखवतो तो मेजर मँट या इंग्रज अधिकाऱ्यानं आखलेला, आणि टाऊन हॉलच्या बाजूलाच चिमासाहेब चौक. आपल्याला दोन्ही आपलंच वाटतं, ते का, हे विचारायचं धाडस करा. मला तरी याचं उत्तर एका वाक्यात देता येत नाही.

पंचगंगाकाठ:
मनापासून आभार. दोन भावांचा मुद्दा पक्का घेतो, सुरुवातच तिथनं करेन. जेकबचं लिखाण पडद्यावर फक्त अक्षरांत ठेवतो, त्याला आवाज देत नाही, आवाज मोडी वाचणाऱ्याचा. कुणी कॅमेऱ्यासमोर बसायला तयार असेल तर व्यक्तिगत निरोप पाठवा, मानधन थोडं आहे पण देणार नक्की.