‘इडा’सारखी ४:३ चौकट लघुपटात कशी साधायची?

प्रश्न (फोंडा): दिग्दर्शक पावेल पावलिकोव्स्कींच्या ‘इडा’ चित्रपटात (२०१३) माणसं चौकटीच्या तळाशी आणि वर मोठी मोकळी जागा असते. म्हापशात तसाच कृष्णधवल लघुपट करायचाय. कॅमेरा साधा, १९२० बाय १०८०. काय सांभाळू?

उत्तर १: मॉनिटरवर १४४० बाय १०८० च्या, म्हणजे रुंदी-उंची ४:३ प्रमाणात असलेल्या चौकटीच्या रेषा आधीच आखा, दोन्ही बाजूंनी २४० पिक्सेल जातात. संकलनात कापायला गेलात तर दोघांच्या दृश्यात एकाचा खांदा हमखास जातो. वरची जागा नुसती रिकामी सोडू नका, तिथे भिंतीचा पोत, खिडकी, तुळई हवी. आणि चेहरा खाली गेला की सबटायटल थेट हनुवटीवर येतं! त्याची जागा चित्रीकरणाआधीच ठरवा.

उत्तर २: ‘इडा’ही डिजिटलवरच चित्रित झालाय, तेव्हा फिल्मची चिंता नको. चिंता रंगांची करा. संकलनात सॅच्युरेशन (रंगांची तीव्रता) शून्यावर नेलं की लाल चिरे आणि हिरवे माड जवळपास एकाच करड्या छटेचे होतात. चॅनल मिक्सरमध्ये (लाल, हिरवा, निळा यांचं प्रमाण वेगवेगळं ठरवायची सोय) लाल वाढवा. चिरा उजळतो, पानं गडद होतात. फार वाढवलंत तर ओठ फिके पडतात.

उत्तर ३: ट्रायपॉड पक्का ठेवा, पॅन (कॅमेरा आडवा फिरवणं) टाळा. ‘इडा’त कॅमेरा जवळजवळ शेवटपर्यंत स्थिर आहे, म्हणूनच अखेरचा हातातल्या कॅमेऱ्याचा शॉट अंगावर येतो. पावलिकोव्स्कींचाच ‘कोल्ड वॉर’ (२०१८) त्याच चौकटीत, छायालेखकही ‘इडा’वर काम केलेले वुकाश झाल, पण कॅमेरा संगीतासोबत फिरतो. दोन्ही लागोपाठ बघा. पावलिकोव्स्की मुळात बीबीसीच्या माहितीपटांतून आलेले, ती नजर दोन्हीकडे दिसते.