कोर्ट म्हणतं कामावर परत घ्या, मग मधल्या वर्षांचा पगार निम्माच का?

फिटरचा_भाऊ: माझा चुलतभाऊ एमआयडीसीत फिटर. 2013 ला चौकशी नाही, नोटीस नाही, एक दिवस गेटवर वॉचमनने कार्ड काढून घेतलं आणि आत सोडायचं नाही असं सांगितलं. आता लेबर कोर्टाने परत घ्या म्हटलं, सर्व्हिस सलग धरा म्हटलं, पण बॅक वेजेस, म्हणजे मधल्या वर्षांचा पगार, 50 टक्केच, का तर तो मधे मेव्हण्याच्या रसवंतीवर बसायचा. चरकात ऊस घालायचा, ग्लास विसळायचा, बदल्यात दोन वेळचं जेवण आणि पोरांच्या वह्या. ह्याला नोकरी म्हणायचं का? काढणं बेकायदेशीर ठरलं ना, मग पगार पूर्णच पाहिजे.

वर्कशॉपवाला: वाईट झालं, पण दुसरी बाजू पण बघा. माझ्याकडे 14 माणसं आहेत. एखादी केस दहा वर्षं चालली तर त्याच्या जागी ठेवलेल्या माणसाला मी पगार दिलेलाच असतो, म्हणजे एकाच कामाचे दोन पगार. सुप्रीम कोर्टानेच 2005 मधे यूपी स्टेट ब्रासवेअर केसमधे सांगितलंय की बॅक वेजेस आपोआप मिळत नाहीत, तिथे 25 टक्केच दिले.

युनियनचा_माणूस: दादा, 2005 वर थांबू नका. 2013 चा दीपाली सुरवसे निकाल बघा, आपल्या औरंगाबादच्या शिक्षिका. हायकोर्टाने काढून घेतलेले बॅक वेजेस सुप्रीम कोर्टाने परत दिले आणि स्पष्ट म्हटलं की चुकीने काढलं असेल तर बॅक वेजेस हाच नियम, आणि कोर्टातल्या उशिराचा भुर्दंड कामगारावर टाकू नका. रसवंतीचं म्हणाल तर 1984 ची राजिंदरकुमार किंद्रा केस आहे, तो माणूस सासऱ्याच्या कोळशाच्या वखारीत मदत करून पोट भरत होता, कोर्टाने ती नोकरी धरली नाही.

वर्कशॉपवाला: ठीक, पण कामगाराने मी बेकार होतो एवढं सांगायचं आणि तो कमावत होता हे मी सिद्ध करायचं, ते कसं? पीएफ कापला असेल तर सापडेल, रोखीने काम केलं असेल तर मी कुणाच्या दारात पुरावा शोधत फिरू?

युनियनचा_माणूस: ही अडचण खरी आहे, मान्य. पण चौकशी न करता काढलं तेव्हा हा धोका मॅनेजमेंटनेच घेतला ना. आणि कंपनी हायकोर्टात गेली तर कायद्याने तिथली केस संपेपर्यंत महिन्याला शेवटचा पगार मिळतो, तो पण बेकार असल्याचं अफिडेव्हिट दिल्यावर. शेवटचा म्हणजे 2013 चा, त्यात आज घरभाडं भरून किराणा आणून दाखवा कुणीतरी. फिटरचा भाऊ, उरलेल्या 50 टक्क्यांसाठी तुम्हालाही हायकोर्टात जाता येतं. फक्त आधी बघा, लेबर कोर्टात दिलेल्या क्लेममधे बेकार असल्याचं लिहिलं होतं का?

फिटरचा_भाऊ: आत्ताच फाईल काढली. चौथ्या पानावर आहे ते वाक्य. उलटतपासणीत कंपनीच्या वकिलाने फक्त रसवंतीच विचारली, किती पैसे मिळायचे हे विचारलंच नाही. सोमवारी वकिलांकडे जातोय, किंद्राचा निकाल सोबत नेतो.